स्टॅलॅग १७: वाजप टिकलं, वह्या टिकल्या नाहीत

सिस्टर नॅन्सीचं 'बॅम बॅम' माहीत नाही असं वाटत असेल तरी ते तुम्ही ऐकलेलं असण्याची शक्यता खूप आहे. कान्ये वेस्टच्या २०१६ च्या 'फेमस'मध्ये मध्येच एका बाईचा खणखणीत आवाज येतो ना, तो तिचा. जे-झीच्या २०१७ च्या '४:४४' अल्बमवर डेमियन मार्लीबरोबरचं 'बॅम' आहे, त्यात ती. लॉरिन हिलच्या १९९८ च्या 'लॉस्ट वन्स'मध्ये पण त्याच गाण्याचा अंश. मूळ गाणं १९८२ चं, किंग्स्टन, जमैका. आणि त्या गाण्याखाली जे वाजतंय ते त्याच्याही नऊ वर्षं आधीचं, १९७३ चं, नाव स्टॅलॅग १७. हे प्रकरण त्या खालच्या वाजपाचं आहे. ते पन्नास वर्षं कसं जिवंत राहिलं, कोणामुळे राहिलं, आणि या सगळ्यात नेमकं काय हरवलं.

रेगे फारसं न ऐकणाऱ्यांसाठी आधी थोडं. जमैकन लोक रिडिम म्हणतात ते म्हणजे गाण्यातून गाणारा बाजूला काढला की उरतं ते सगळं, मुख्य म्हणजे बेस आणि ड्रम्स, त्यावर गिटारचा ऑफबीटवरचा तो छोटा कापल्यासारखा ठोका, आणि ऑर्गन. आपल्याकडे भजनी मंडळात एकच चाल घेऊन त्यावर तुकोबांचा अभंग म्हणा नाहीतर नामदेवांचा म्हणा, कुणी हरकत घेत नाही, तसंच काहीसं, फक्त इथे नुसती चाल पुन्हा वापरत नाहीत तर बऱ्याचदा प्रत्यक्ष रेकॉर्ड झालेलं वाजपच पुन्हा वापरतात, म्हणजे तीच टेप, वाजवणाऱ्यांची तीच बोटं, त्याच दिवशीचा तोच स्टुडिओ. म्हणून रिडिम जपणं म्हणजे एका अंगाने परंपरा जपणं आणि दुसऱ्या अंगाने चक्क एक वस्तू जपणं. या दोन गोष्टी वेगळ्या आहेत आणि स्टॅलॅगच्या बाबतीत त्यांचं नशीबही वेगवेगळं निघालं.

हे वाजप ज्याच्या लेबलवर आलं तो विन्स्टन रायली. १९६२ मध्ये, म्हणजे जमैका स्वतंत्र झाला त्याच वर्षी, शाळेत असताना त्याने द टेक्निक्स नावाचा गाणाऱ्या पोरांचा ग्रुप काढला. ड्यूक रीड या प्रोड्यूसरच्या ट्रेझर आइल लेबलसाठी त्यांनी 'क्वीन मॅजेस्टी'सारखी गाणी केली, ती आजही ऐकली की जीव हलका होतो. १९६८ मध्ये तो बाहेर पडला आणि आईकडून पैसे उसने घेऊन टेक्निक्स याच नावाचं स्वतःचं लेबल सुरू केलं. तीनच वर्षांत, १९७१ मध्ये, त्याने प्रोड्यूस केलेलं 'डबल बॅरल' ब्रिटनच्या चार्टवर पहिल्या नंबरला. ड्रम्सवर कोवळ्या वयाचा स्लाय डनबार, पुढे जगप्रसिद्ध झालेल्या स्लाय अँड रॉबी जोडीतला, आणि कीबोर्डवर अँसेल कॉलिन्स.

त्या रेकॉर्डच्या लेबलकडे जरा नीट बघा. कलाकार म्हणून छापलंय 'डेव्ह अँड अँसिल कॉलिन्स'. वाचणाऱ्याला वाटेल दोघं भाऊ. डेव्ह म्हणजे डेव्ह बार्कर, त्याचा कॉलिन्सांशी काही संबंध नाही, आणि अँसेलचं नाव कुठे अँसिल, कुठे अँसेल, तेही एक अक्षर कमीजास्त करून. हे ब्रिटनमध्ये पहिल्या नंबरला पोचलेल्या रेकॉर्डचं आहे बरं का. ज्या रेकॉर्ड्स गल्लीच्या बाहेर गेल्या नाहीत त्यांच्या लेबलवर काय परिस्थिती असेल याचा अंदाज यावरून करा.

तर १९७३ मध्ये याच अँसेल कॉलिन्सच्या नावावर 'स्टॅलॅग १७' आलं, ऑर्गनवरचं इन्स्ट्रुमेंटल. नाव घेतलं १९५३ च्या हॉलीवूडच्या युद्धकैद्यांवरच्या सिनेमावरून. किंग्स्टनमध्ये सिनेमाचं वेड जबरदस्त होतं, स्कॅटलाइट्सनी 'गन्स ऑफ नॅव्हरॉन' केलं, ली पेरीच्या अपसेटर्सनी 'रिटर्न ऑफ जँगो' केलं, त्यामुळे यात नवल काही नाही. ऐकताना पहिल्यांदा लक्ष जातं ऑर्गनकडे, पण खरी ताकद खाली आहे. बेस एकच छोटं वाक्य म्हणतो, थांबतो, परत तेच म्हणतो. ते थांबणं महत्त्वाचं. त्या मोकळ्या जागेत माणसाला बोलता येतं. मला वाटतं स्टॅलॅग पुढे इतकं चाललं त्याचं निम्मं कारण हेच, की त्यात दुसऱ्यासाठी जागा आधीपासूनच सोडलेली आहे. गच्च भरलेल्या वाजपावर कोण काय बोलणार.

आता ते जगलं कसं, तर याचं मूळ १९६८ च्या आसपासच्या एका गोष्टीत आहे. स्पॅनिश टाऊनचा साउंड सिस्टिमवाला (म्हणजे मोठाले स्पीकर लावून नाच भरवणारा) रडी रेडवुड ड्यूक रीडच्या स्टुडिओत पॅरागॉन्सच्या 'ऑन द बीच'ची डबप्लेट, म्हणजे खास स्वतःपुरती एक तबकडी, कापून घ्यायला गेला, आणि इंजिनिअर बायरन स्मिथकडून गाण्याचा ट्रॅक लावायचा राहून गेला. नुसतं वाजप कापलं गेलं. रेडवुडने ते तसंच नेऊन नाचात लावलं आणि पब्लिकने ते वेड्यासारखं डोक्यावर घेतलं, लोक स्वतःच वरून गायला लागले. त्यानंतर सेव्हन इंच रेकॉर्डच्या मागच्या बाजूला नुसतं वाजप छापायची पद्धतच पडली, त्याला म्हणतात व्हर्जन. प्रोड्यूसरचा त्यात फायदा होता कारण दुसऱ्या बाजूसाठी वेगळ्या गाण्याचे पैसे वाचले. पण नकळत जे झालं ते जपणुकीच्या दृष्टीने प्रचंड मोठं होतं. गाणाऱ्याशिवायचं स्वच्छ वाजप घरोघरी, दुकानोदुकानी, लंडनपासून टोरंटोपर्यंत पोचलं. टेप स्टुडिओत सडली तरी वाजपाची कॉपी कुठेतरी कुणाच्या तरी कपाटात राहणारच. जगातल्या दुसऱ्या कुठल्या पॉप म्युझिकचा इतका चांगला बॅकअप घेतला गेला असेल असं मला वाटत नाही, आणि तो कुणी ठरवून घेतला नव्हता.

आणि टेप सडतेच. किंग्स्टनची दमट हवा, विजेचा भरवसा नाही, एसी चोवीस तास चालवणं परवडत नाही. वर कोरी टेप महाग, त्यामुळे जुन्यावर नवं रेकॉर्ड करणं ही तेव्हाची सर्रास गोष्ट. टेपवरचा चुंबकीय थर ज्या गोंदाने धरलेला असतो तो काही वर्षांनी दमटपणाने चिकट होतो, मशीनवर लावली की टेप किंचाळते आणि थर हेडवर सोलून येतो. मग ती कमी आचेवर, साधारण पन्नास-पंचावन्न डिग्रीला, काही तास भाजतात, ती तात्पुरती कोरडी होते आणि तेवढ्यात एकदा वाजवून डिजिटल कॉपी काढून घ्यायची. हे काम नाजूक आहे, खर्चिक आहे. म्हणूनच जुन्या रेगेचे अनेक रीइश्यू टेपवरून नाही तर चांगल्या अवस्थेतल्या रेकॉर्डवरून काढलेले असतात, म्हणजे कुठल्यातरी कलेक्टरने जपलेली तबकडी हीच शेवटी मास्टर ठरते.

स्टॅलॅगवर परत येऊ. सत्तरचं दशक संपताना साउंड सिस्टिमवर माइक घेऊन वाजपावर बोलणारे डीजे लोक पुढे आले (जमैकात डीजे म्हणजे बोलणारा, रेकॉर्ड लावणारा तो सिलेक्टर). त्यात जनरल एको हा मोठा माणूस, स्टिरिओफोनिक साउंडवरचा. रायलीने त्याच्याकडून स्टॅलॅगवर 'आर्लीन' करून घेतलं आणि ते गाजलं. १९८० मध्ये एको किंग्स्टन पोलिसांच्या गोळीबारात त्याच्या दोन साथीदारांसकट मारला गेला. त्याच स्टिरिओफोनिकवर एक तरुण मुलगी अधूनमधून माइक घ्यायची, ऑफ्लिन रसेल. तीच सिस्टर नॅन्सी. बाईने डीजे करणं हे तेव्हा कुणाच्या डोक्यातही नव्हतं, तिचा भाऊ ब्रिगेडियर जेरी नावाजलेला डीजे होता म्हणून वाट थोडी माहितीची होती एवढंच. १९८० मध्ये रायलीने तिचा पहिला सिंगल काढला, 'पापा डीन', आणि १९८२ मध्ये 'वन टू' हा अल्बम.

'बॅम बॅम' या अल्बममधलं. नॅन्सीने मुलाखतींमध्ये सांगितलंय की अल्बम पूर्ण व्हायला अजून एक गाणं हवं होतं म्हणून हे झालं, आधीपासून लिहून ठेवलेलं असं काही नव्हतं. 'बॅम बॅम' हा शब्दप्रयोग टूट्स अँड द मेटल्सच्या गाण्यातला, ज्याने १९६६ मध्ये जमैकाच्या पहिल्या फेस्टिव्हल साँग स्पर्धेत बाजी मारली होती. म्हणजे बघा, १९६६ चे शब्द, १९७३ चं वाजप आणि १९८२ चा आवाज. तीन वेगवेगळ्या काळातल्या गोष्टी साडेतीन मिनिटांत. आणि गंमत म्हणजे जमैकात तेव्हा ते चाललंच नाही. ते चाललं बाहेर, अमेरिकेत, हळूहळू, वर्षानुवर्षं.

मग १९८५. जमैकन संगीतासाठी हे वर्ष म्हणजे उलथापालथ. किंग जॅमीने कॅसिओच्या एका छोट्या कीबोर्डवरून 'स्लेंग टेंग' काढलं आणि रातोरात सगळे कंप्युटराइज्ड रिडिमच्या मागे लागले, बेस गिटारवाले आणि ड्रमर घरी बसायची वेळ आली. आणि नेमकं त्याच वर्षी टेनर सॉ नावाच्या विशीच्या आतल्या पोराने रायलीसाठी स्टॅलॅगवर 'रिंग द अलार्म' गायलं. बारा वर्षं जुनं, हाताने वाजवलेलं वाजप, आणि ते त्या डिजिटल गदारोळात छातीठोकपणे उभं राहिलं. आजही साउंड क्लॅशमध्ये, म्हणजे दोन साउंड सिस्टिमच्या मुकाबल्यात, सिलेक्टर ते लावतो तेव्हा समोरच्या साउंडला कळतं की आता आपलं काही खरं नाही. टेनर सॉ १९८८ मध्ये ह्यूस्टनमध्ये गेला, जेमतेम विशीतला होता. ते गाणं ऐकताना मला हे दरवेळी आठवतं आणि त्रास होतो.

इथपर्यंत ही गोष्ट यशाची आहे. कुठल्याही म्युझियमने, सरकारने, फाउंडेशनने काहीही न करता एक वाजप पिढ्यानपिढ्या पुढे गेलं कारण लोकांना ते लागत होतं, वापरत होते. वापर हीच जपणूक. टेप नसली तरी नवे वादक तेच पुन्हा वाजवून घेतात, बेसची ती ओळ किंग्स्टनमधल्या कुठल्याही बेसिस्टला झोपेतून उठवून विचारली तरी येईल.

आता दुसरी बाजू.

नॅन्सी १९९६ मध्ये न्यू जर्सीला गेली आणि तिथे बँकेत नोकरी करायला लागली. तिचं गाणं १९९८ च्या 'बेली' सिनेमात वाजलं, क्लबमध्ये वाजत होतं, सँपल होत होतं (म्हणजे त्याचे तुकडे उचलून दुसऱ्या गाण्यांत वापरले जात होते), आणि तिच्या हातात त्याचे पैसे येत नव्हते. ही बाई दिवसभर दुसऱ्यांच्या पैशाचा हिशोब ठेवत होती आणि तिच्या स्वतःच्या गाण्याचा हिशोब कुणीच ठेवत नव्हतं. २०१४ मध्ये एका नामांकित बुटांच्या जाहिरातीत 'बॅम बॅम' वाजलं, तेव्हा तिने ठरवलं की आता पुरे, आणि वकील गाठला. गाणं येऊन तेव्हा ३२ वर्षं झाली होती. तिने स्वतः सांगितल्याप्रमाणे मागच्या १० वर्षांची भरपाई आणि गाण्यातला निम्मा हक्क तिला मिळाला. आधीची २२ वर्षं गेली ती गेलीच.

याला एकटा रायली जबाबदार असं मला म्हणायचं नाही, ते सोपं होईल आणि चूकही. त्या काळात जमैकात पद्धतच अशी होती की गाणाऱ्याला, वादकाला सेशनचे रोख पैसे द्यायचे आणि विषय संपला, पुढे ते गाणं कोटी कोटी वेळा वाजो. कायदा होता तो १९११ चा, ब्रिटिशांच्या वेळचा. देशाचा स्वतःचा कॉपीराइट कायदा अमलात आला १९९३ मध्ये, म्हणजे स्का, रॉकस्टेडी, रूट्स, डब, सुरुवातीचं डान्सहॉल हे जमैकन संगीताचे सगळे प्रकार होऊन गेल्यावर. गीतकार-संगीतकारांसाठी पैसे गोळा करणारी जेकॅप ही संस्था १९९८ ची. २०१५ मध्ये दुरुस्ती करून मुदत ५० वरून ९५ वर्षं केली आणि ती मागे १९६२ पासून लागू केली. हे चांगलं झालं असं बरेच जण म्हणतात. मला यात एक मोठी अडचण दिसते. हक्काची मुदत वाढली, पण हक्क कोणाचा हे ज्या कागदावर असायला हवं तो कागदच नसेल तर ९५ काय आणि ५०० काय.

रायलीचा शेवटही फार वाईट झाला. त्याचं ऑरेंज स्ट्रीटवरचं रेकॉर्डचं दुकान जळालं, त्याच्यावर हल्ले झाले, नोव्हेंबर २०११ मध्ये घरी त्याच्यावर गोळ्या झाडल्या आणि १९ जानेवारी २०१२ ला तो गेला. ऑरेंज स्ट्रीट म्हणजे एकेकाळी या संगीताचा बाजार, एकाला लागून एक रेकॉर्डची दुकानं. तिथलं प्रोड्यूसरचं दुकान म्हणजे नुसतं विक्रीचं ठिकाण नसायचं, ऑफिस तेच, गोडाऊन तेच, कुणाला किती दिले कुणाकडून किती यायचे ते लिहिलेलं असलं तर तेही तिथेच, आणि बाकी सगळं मालकाच्या डोक्यात. असा माणूस गेला की काय जातं ते सांगायला नको.

स्टॅलॅगवरच्या एका गाण्यात किती जणांचा वाटा आहे ते मोजून बघा. रचना ज्याच्या नावावर तो अँसेल कॉलिन्स. त्या दिवशी वाजवणारे बाकीचे, बेस, ड्रम्स, गिटार. रेकॉर्डिंगचा मालक प्रोड्यूसर. वर बोलणारी नॅन्सी. तिने जो शब्द उचलला तो टूट्सचा. आणि मग इंजिनिअर, ज्याने मिक्सिंगला बसून ठरवलं की बेस इतका पुढे आणायचा. यातल्या नॅन्सीला उशिरा का होईना न्याय मागता आला कारण तिचा आवाज ओळखू येतो, ती टीव्हीसमोर बोट दाखवून म्हणू शकते की ही मी आहे. बेसवाल्याने काय दाखवायचं? माझ्या मते या अख्ख्या व्यवस्थेत सगळ्यात जास्त अन्याय त्या सेशन वादकांवर झालाय, ज्यांच्या जोरावर हे सगळं उभं आहे. 'फेमस'मध्ये तर अजून वेगळंच, तिथे नॅन्सीचा आवाज उचलून नव्या कॉर्ड्सवर बसवलाय, म्हणजे आवाज राहिला आणि ज्या वाजपाने त्याला जन्म दिला ते खालून काढून टाकलं.

यावर एक मुद्दा हमखास निघतो, आणि तो वजनदार आहे म्हणून त्याला टाळून चालणार नाही. की बाबा, १९७३ मध्येच सगळे करार, परवानग्या, टक्केवाऱ्या झाल्या असत्या तर 'आर्लीन' झालं नसतं, 'रिंग द अलार्म' झालं नसतं, ही संस्कृतीच मोकळ्या वापरावर वाढली. अर्धं बरोबर आहे. पण स्टॅलॅगवरची ही मोठी गाणी खुद्द रायलीनेच काढलीत, स्वतःच्याच टेपवर, त्याला परवानगी कुणाची घ्यायची होती? मोकळा वापर चालू ठेवून प्रत्येक वेळी वहीत चार नावं लिहिणं आणि बाहेरचा पैसा आला की त्या चार नावांना वाटणं यात काहीच अशक्य नव्हतं. वापरायला मोकळीक देणं वेगळं आणि नोंदच न ठेवणं वेगळं, या दोन्हींची नेहमी गल्लत होते.

आणि नोंद असली तर काय होऊ शकतं ते आत्ता दिसतंय. स्टीली अँड क्लीव्ही या जोडीचा १९८९ चा 'फिश मार्केट' रिडिम, ज्याच्या ठोक्यावर जवळजवळ सगळं रेगेटॉन (लॅटिन अमेरिकेतलं नाचाचं संगीत) उभं आहे असा दावा, त्यावरून २०२१ मध्ये कॅलिफोर्नियात केस दाखल झाली, लुइस फॉन्सी, डॅडी यांकी, बॅड बनी अशा मोठमोठ्या नावांवर, हजाराहून जास्त गाण्यांबद्दल. मे २०२४ मध्ये कोर्टाने ती सुरुवातीलाच फेटाळायला नकार दिला. स्टीली २००९ मध्येच गेलाय. एका ठोक्यावर मालकी सांगता यावी का, हा प्रश्न अवघड आहे आणि मला स्वतःला त्यात धोका वाटतो, उद्या कुणी वन ड्रॉपवरच, म्हणजे रेगेच्या मूळ ठोक्यावरच, हक्क सांगितला तर सगळंच अडेल. पण त्या केसमध्ये निदान नावं आहेत, साल आहे, कोणी काय वाजवलं ते सांगता येतंय. स्टॅलॅगच्या १९७३ च्या सेशनबद्दल तेवढं ठाम बोलणंही कठीण.

संस्थांचं म्हणाल तर २०१५ मध्ये किंग्स्टन युनेस्कोची संगीतनगरी झाली, २०१८ च्या नोव्हेंबरमध्ये मॉरिशसला युनेस्कोच्या बैठकीत रेगे अमूर्त वारशाच्या यादीत आलं, जमैका म्युझिक म्युझियम आहे. मान मिळाला, आनंद आहे. पण टेप भाजणं, नावं शोधणं, जुन्या वादकांना गाठून विचारणं हे चिकाटीचं काम बरंचसं बाहेरच्या छोट्या लेबलांनी केलंय, मँचेस्टरचं १९९३ मध्ये सुरू झालेलं ब्लड अँड फायर, लंडनचे प्रेशर साउंड्स, सोल जॅझ, आणि न्यूयॉर्कच्या क्वीन्समधले व्हीपी रेकॉर्ड्स, जे मुळात किंग्स्टनच्या रँडीज दुकानवाल्या चिन कुटुंबाचंच. जमैकाचा वारसा जमैकाबाहेर जपला जाणं याचं वाईट वाटतं, पण नुसतं वाईट वाटून घेण्यापेक्षा त्यांच्या लायनर नोट्स, म्हणजे रेकॉर्डसोबत छापलेली माहिती, वाचाव्यात, कितीतरी बेसवाल्यांची नावं पहिल्यांदा छापून आली ती तिथे.

आपल्याकडे पण हे वाजतंय. गोव्यात २०१६ मध्ये गोवा सनस्प्लॅश हा रेगे महोत्सव सुरू झाला, दिल्लीच्या रेगे राजाज मंडळींनी सुरू केलेला, आणि पुण्या-मुंबईची पोरं त्यासाठी जातात. त्यातले काही जण आता जुन्या सेव्हन इंच विकत घेतात. त्यांना एक सांगणं आहे, अगदी कामाचं. हातात जुनी जमैकन रेकॉर्ड आली की दोन्ही बाजूंच्या लेबलचा स्वच्छ फोटो काढा, आणि खोबण्या संपतात त्या आतल्या कोऱ्या पट्टीवर हाताने कोरलेले जे नंबर असतात ते तिरप्या उजेडात धरून वाचा आणि लिहून ठेवा. लेबलवरचं नाव चुकीचं असू शकतं, वर डेव्ह आणि अँसिलचं पाहिलंच, पण तो नंबर रेकॉर्ड दाबायच्या आधी कोरलेला असतो आणि तो जुळवून कुठलं व्हर्जन कुठल्या सेशनचं याचा माग लागतो. आणि अपलोड करताना नुसतं रिडिमचं नाव टाकून सोडू नका, कारण 'बॅम बॅम' नावाचा एक दुसराच रिडिम पण आहे, स्लाय अँड रॉबीचा, 'मर्डर शी रोट'वाला, आणि दोघांची सरमिसळ आत्ताच भरपूर झालीय. गाणारा, प्रोड्यूसर, लेबल, साल, आणि माहीत असेल तर वादक. त्या पिढीतले जे वादक आज आहेत ते सत्तरी ओलांडलेले आहेत, ज्याला कुणाला त्यांना भेटायची संधी मिळेल त्याने आधी विचारायचं ते हेच, की त्या दिवशी स्टुडिओत अजून कोण कोण होतं.